तुमच्या सँडल माझ्या दारात

अब्रेहेतताई,

तुमच्या सँडल माझ्या खोलीत आहेत. दाराच्या आतल्या बाजूला, पाण्याच्या पिंपाजवळ, जुन्या पेपरवर ठेवल्यात. काळ्या प्लास्टिकच्या, पट्ट्यापट्ट्यांच्या, उजवीचा एक पट्टा तुटलेला. तुम्ही गेल्यापासून मी त्यांच्या कडेनं ये-जा करते. पायात घालत नाही आणि टाकूनही देत नाही. तुम्ही असतात तर कमरेवर हात ठेवून म्हणाला असतात, "सुमन, तू डरती है."

होय, घाबरते. तुम्ही माझ्याकडे एवढं एकच मागितलं होतं, की मी गेले की या तू घाल. मी नाही म्हटलं. तुम्ही पुन्हा म्हणालात, मी पुन्हा नाही म्हटलं. मग तुम्ही दवाखान्यात गेलात आणि आपलं भांडण अर्धंच राहिलं. आज सुट्टी आहे म्हणून ते पुरं करायला बसलेय. लिही, लिही म्हणून तुम्हीच मागं लागायचात. मी म्हणायची, चौथी शिकलेल्या बाईनं काय लिहायचं? तुम्ही सांगायचात, मी तर पहिलं अक्षर लढाईत शिकले. गोळीबार थांबला की डोंगराच्या आडोशाला दगडांवर शाळा भरायची. ज्याला चार अक्षरं येतात त्यानं तीनवाल्याला शिकवायचं. "चौथी बहुत है," म्हणायचात.

तुम्ही चाळीत आलात तो दिवस मला चांगला आठवतो. भोसरीत आक्कांच्या खोल्यांत मी लग्न होऊन आले तेव्हापासून राहते. आक्का मूळच्या गावातल्या, खोल्या त्यांच्या, आणि सगळ्यात मोठा आवाजही त्यांचाच. वरच्या मजल्यावर तुमची सेलाम आधीपासून राहत होती, औषधांचं शिक्षण घ्यायला आलेली. तुम्ही पायाच्या इलाजासाठी आलात आणि लेकीजवळ राहिलात. मांडीत लोखंडाचा तुकडा आहे, लढाईतला, असं सेलामनं आक्कांना सांगितलं आणि संध्याकाळपर्यंत साऱ्या चाळीला कळलं.

"बंदूक चालवायची म्हणं ती," आक्का नळावर सांगत होत्या. "तकडं तिच्या देशात. बाप्यांच्या बरोबरीनं."

"मग बरं झालं की," शालन म्हणाली. ती माझ्या शेजारी राहते आणि माझ्याच कारखान्यात कामाला आहे. "उद्यापासून पाण्याच्या नंबराला तिलाच उभी करू."

आम्ही सगळ्या हसलो. तुम्ही जिन्यावर उभ्या होतात. अंगावर पांढरी शाल, बारीक कापलेले पिकलेले केस, आणि पायात या सँडल. मला वाटलं, एवढी विमानात बसून आलेली बाई आणि पायात पावसाळी चपला.

दुसऱ्या दिवशी मी कामावरून येताना तुम्ही जिन्यात गाठलंत. माझी ओढणी हातात घेतलीत आणि हुंगलीत. मी लाजेनं अर्धी झाले. वाटलं, घामाचा वास येतोय. तुम्ही म्हणालात, "प्लास्टिक?" मी मान हलवली. मग तुम्ही दोन्ही तळवे एकमेकांवर दाबलेत, उघडलेत, मधून काहीतरी उचलल्यासारखं केलंत आणि बोटांनी कडा खुडल्यात. तेच काम मी दिवसभर करून आले होते. मोल्डिंग मशीनचा साचा उघडतो, तुकडा उचलायचा, कडेला आलेलं जादा प्लास्टिक कापायचं, तोवर साचा पुन्हा मिटतो. माझ्या नवऱ्यालासुद्धा मी हे कधी करून दाखवलं नव्हतं आणि तुम्ही जिन्यात उभ्या राहून मला दाखवत होतात.

त्या रविवारी तुम्ही मला कॉफीला बोलावलंत. खाली चटई, कोळशाची छोटी शेगडी, तव्यात कच्च्या बिया भाजायला घेतलेल्या. धूर झाला तेव्हा खालून आक्का ओरडल्या, "काय पेटलंय गं?" तुम्ही हातानं धूर माझ्याकडे ढकललात आणि सेलाम म्हणाली, वास घ्यायचा असतो, पाहुण्यानं. एक छोटा कान नसलेला कप दिलात. मी प्याले. आमच्याकडे कोणाकडे चहाला गेलं की चहा संपल्यावर उठायचं, घरच्यांना काम असतं. मी कप खाली ठेवला, "येते" म्हटलं आणि उठले. तुमचा चेहरा असा झाला की मी काय बोलून बसले ते मला कळेना. सेलाम मागं धावली. म्हणाली, मावशी, तीन कप असतात. एक पिऊन उठलात म्हणजे आमच्या घरात काहीतरी तुम्हाला आवडलं नाही. मी परत बसले. दुसऱ्या कपाला पाणी जास्त, तिसऱ्याला त्याहून जास्त. तिसरा कप आशीर्वादाचा, म्हणालात. तेव्हापासून रविवारची दुपार तुमची झाली. एवढा वेळ नुसतं बसून राहायला मला त्याआधी कोणी सांगितलं नव्हतं.

तुमचं सगळं मला तिसऱ्या कपाला कळलं. तुमचं हिंदी मोडकं, माझंही मोडकं. अडलं की सेलाम. तुमचा देश इरिट्रिया. शेजारच्या मोठ्या देशाच्या ताब्यातून सुटायला तुमच्या माणसांनी डोंगरात राहून कितीतरी वर्षं लढाई केली. तुम्ही घरातून पळून गेलात, लग्न ठरलं होतं म्हणून. तिथं पोचल्यावर पहिल्यांदा वेण्या कापल्या. मग बंदूक. पोरी आणि पोरं एकाच खंदकात, एकाच ताटात. पोरांनीही भाकरी भाजायची आणि पोरींनीही दगड वाहायचे. मांडीत तुकडा बसल्यावर तुम्हाला पुढून मागं पाठवलं, डोंगराच्या पोटात लपवलेल्या कारखान्यात. तिथं लढणाऱ्यांसाठी सँडल बनायच्या. प्लास्टिक वितळवायचं, साच्यात ओतायचं, काढायचं, कडा कापायच्या. आमच्याकडे लेदरचे बूट नव्हते, म्हणालात. सगळ्यांच्या पायात ह्याच. दगडात टिकायच्या, नदीत भिजल्या तरी वाळायच्या.

एकदा आक्काही वर आल्या. कप नाकाशी नेऊन म्हणाल्या, "काळं पानी हाय नुसतं," आणि तिन्ही कप प्यायल्या. मग माझ्या तोंडातून कधीच निघालं नसतं ते त्यांनी विचारलं. "किती मारलीस गं माणसं?"

सेलामनं ते सांगायला वेळ लावला. तुम्ही शेगडीवरची राख फुंकलीत. मग म्हणालात, "मोजली नाहीत. सँडलही नाही मोजल्या." आक्कांना गप्प बसलेलं मी तेव्हाच पाहिलं.

लढाई जिंकल्यावरचं तुम्ही एकदाच बोललात, तेही सेलाम बाजारात गेली असताना. तिचे वडील तुमच्याच तुकडीतले. डोंगरात लग्न झालं तेव्हा ना हळद, ना सासू. सगळ्या तुकडीनं चहा घेतला. देश सुटला, घरी आलात, आणि त्यांची आई म्हणाली, हिचे केस बघ, हिची चाल बघ, ही सून नाही. त्यांनी गावातली दुसरी मुलगी केली. तुम्ही म्हणालात, लढताना कोणी विचारलं नाही की तू बाई आहेस का. लढाई संपल्यावर सगळे तेच विचारायला लागले. मी कप उचलून घासायला घेतले. तुम्ही म्हणालात, "बैठ. कप भागेगा नहीं."

त्या वेळी बोलायला हवं होतं असं अजून वाटतं. काय ते अजूनही सुचलेलं नाही.

चाकणचा दिवस मला सगळ्यात जवळचा. तुम्ही विचारलं होतं, तू मशीनवर काय बनवतेस? मी सांगितलं, गाडीच्या दाराच्या आतला एक तुकडा. कुठल्या गाडीचा? ते माहीत नाही, पेट्या चाकणला जातात. तुम्ही हसलात. "हमको मालूम था किसका पैर," म्हणालात, आणि मागंच लागलात की चल, तुझी गाडी बघू. मी इतकी वर्षं भोसरीत काम करते आणि मला कधी वाटलं नाही की जाऊन बघावं.

बसनं गेलो. निघोज्याच्या बाजूला एका कंपनीच्या कुंपणाला लागून चालत राहिलो. आत नव्या गाड्या रांगेनं उभ्या, सीटवर अजून प्लास्टिक, काचेवर कागद. तुम्ही जाळीला नाक लावलंत. वॉचमन आला.

"काय मावशी, काय बघताय?"

मी पदर सारखा केला आणि निघायला लागले. तुम्ही हललाच नाहीत. माझ्याकडे बोट केलंत. "इसने बनाया."

"अख्खी?"

"थोडा."

तो हसला. म्हणाला, "बघा मग. पण फोटो काढू नका, माझी नोकरी जाईल." आम्ही पोटभर बघितल्या. कुठल्या गाडीत माझा तुकडा आहे ते कळायला मार्ग नव्हता. तुम्ही एक पांढरी गाडी निवडलीत आणि म्हणालात, ती तुझी. अजून रस्त्यावर पांढरी गाडी गेली की माझी नजर दाराकडे जाते.

परत येताना तुमच्या उजव्या सँडलचा पट्टा तुटला. चहाच्या टपरीवर बसलो. मी म्हटलं, तुटली ती तुटली, चाकणच्या बाजारात नवी घेऊ. तुम्ही टपरीवाल्याकडे सुरी मागितलीत, त्याच्याच गॅसवर तापवलीत आणि तुटलेल्या दोन टोकांच्या मध्ये धरलीत. प्लास्टिक दोन्ही बाजूंनी मऊ झालं, सुरी काढलीत आणि बोटांनी घट्ट दाबलंत. वास सुटला.

"अहो मावशी, माझं गिऱ्हाईक पळवता का?" टपरीवाला म्हणाला.

"दो चाय," तुम्ही म्हणालात, दाबलेलं सोडलं नाहीत.

माझ्या कारखान्यात तुटका तुकडा निघाला की आम्ही तो भंगाराच्या ड्रममध्ये टाकतो, दळायला. जोडता येतो हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं. पट्टा गार झाल्यावर तुम्ही मला ओढून बघायला सांगितलंत. मी ओढला. धरून होता. मग तुम्ही बाकाखाली तुमचं पाऊल माझ्या पावलाला लावलंत.

"सेम," म्हणालात. "मैं मरूंगी, तू पहन."

"असं बोलू नये, ताई."

"क्यों? मरूंगी नहीं?"

"तसं नाही. पण आमच्यात गेलेल्या माणसाची चप्पल कोणी घालत नाही."

"फिर?"

"देऊन टाकतात. नाहीतर नदीत सोडतात."

"नदी को पैर है?"

टपरीवाला खाली बघून हसला. मला राग आला होता थोडा. मला यांच्या चपला आठवल्या. हे गेले तेव्हा जयंतीला घेतलेल्या नव्या चपला दाराशी होत्या, चार वेळा पायात घातल्या नसतील. आक्का म्हणाल्या तशा त्या मोशीच्या पुलावरून इंद्रायणीत सोडल्या. पिशवी पाण्यावर आडवी पडली आणि लगेच बुडाली नाही. ते मी तुम्हाला तेव्हा सांगितलं नाही. तुम्ही तुमचं सांगायला लागला होतात.

तुमच्यात कोणी पडलं की आधी पायातल्या सँडल काढायच्या. रडायच्या आधी. कारण मागं कोणीतरी अनवाणी असायचं, आणि त्या दगडांत अनवाणी माणूस मागं राहतो. तुमची मैत्रीण निगिस्ती पडली तेव्हा तुम्हीच तिच्या काढल्यात. तुमच्या फाटल्या होत्या म्हणून तुकडीतले म्हणाले, तूच घाल. तिचे पाय लहान होते, टाच मागं बाहेर यायची. तुम्ही त्यातच पुढचे डोंगर चढलात. "तिला मी पुरलं नाही," तुम्ही म्हणालात, "चालवलं." मग त्या कोणाला दिल्यात, ते विचारायचं माझं राहिलं. तुमच्या आताच्या या सँडल तेव्हाच्या नव्हेत, देशातून निघताना बाजारात घेतलेल्या, पण घाट तोच.

मी तरीही म्हटलं, नाही ताई, मला जमणार नाही.

"सोच," म्हणालात. नंतर कॉफी भाजताना कधी तरी विचारायचात, सोचा? मी मान हलवायची, नाही. तुम्ही रागावला नाहीत. पुढच्या वेळी पुन्हा विचारायचात, जसं भाजी झाली का विचारावं.

छाती भरून आली आणि तुम्हाला दवाखान्यात नेलं, तेव्हा जिना उतरताना त्याच उजव्या सँडलचा दुसरा पट्टा तुटला. तुम्ही ती तिथंच पायरीवर सोडलीत. डावीही काढलीत आणि अनवाणीच रिक्षात बसलात. मला वाटलं, परत आल्यावर सुरी तापवाल.

तुम्हाला आंघोळ घालायला सेलामनं मला बोलावलं. मी पाय धुतले. पट्ट्यांचे पांढरे वळ पावलांवर तसेच होते, साबणानं जाणारे नव्हते. मांडीवरचा व्रणही मी तेव्हाच पाहिला, तुम्ही कधी दाखवला नव्हता. सेलामनं काठावर विणकाम असलेला पांढरा पोशाख घातला. मी दबकत विचारलं, पायात काही? ती म्हणाली, "काही नाही. आई म्हणायची, जमिनीखाली काटे नसतात." तुमच्या देशातली शिकायला आलेली पोरं-पोरी पांढऱ्या शाली घेऊन आली होती. दफनभूमीत त्यांनी गाणं म्हटलं. मला शब्द कळले नाहीत, पण मागं उभी राहून मीही ओठ हलवले.

दुसऱ्या दिवशी सकाळी कचऱ्याची घंटागाडी आली तेव्हा मी नळावर होते. आक्का जिन्याखालून पिशवी घेऊन निघाल्या. पिशवीतून काळा पट्टा बाहेर आलेला.

"आक्का, ते काय?"

"त्या बाईच्या वाहाणा. गेलेल्याच्या वाहाणा दारात ठिवू न्हाई. चालत येतंय मानूस माघारी."

घंटागाडीचं गाणं वाजत होतं. मी हंडा तसाच सोडला. इतक्या वर्षांत आक्कांच्या शब्दापुढं मी शब्द टाकला नव्हता, भाडं वाढवलं तेव्हासुद्धा नाही.

"त्या माझ्या आहेत," मी म्हटलं.

"तुझ्या? कवापासनं?"

"चाकणला गेलो होतो तेव्हापासून."

सगळ्या बायका बघत होत्या. शालन बादली धरून उभी. आक्का माझ्याकडे खालून वर बघत राहिल्या. "खुळी हायस का? तुझ्या मालकाच्या सोडल्या तवा तर बोलली न्हाईस."

"तेव्हा बोलता आलं नाही, आक्का."

गाडी पुढं गेली. आक्कांनी पिशवी माझ्या हातात दिली. दोन पावलं गेल्या आणि वळल्या. "पिशवी माझी हाय. ती दे माघारी."

एवढं झालं खरं. पण नळावर ‘माझ्या’ म्हणणं वेगळं आणि पाय घालणं वेगळं. आणल्या आणि पिंपाजवळ ठेवून दिल्या. परवा सेलाम खोली आवरून खाली आली, तुमची शेगडी आणि कप मला द्यायला. सँडल बघून म्हणाली, "आईनं सांगितलं होतं, या सुमनकडे जातील. आणि ती नाही म्हणेल."

"मग?"

"नाही म्हणाली तर पुन्हा विचार, म्हणाली."

सेलाम उत्तरासाठी थांबली नाही. तुमच्यासारखीच आहे, विचारायचं आणि वेळ द्यायचा. जाताना तिनं मला मिठी मारली. आमच्यात अशी पद्धत नाही, मी ताठ उभी राहिले, मग तिच्या पाठीवर हात ठेवला.

माझी आई गेल्यापासून मला सुमन म्हणून हाक मारणारं कोणी उरलं नव्हतं. कारखान्यात मावशी, चाळीत वहिनी. तुम्ही जिन्यावरून "सुमन" म्हणून ओरडलात की मला आधी वाटायचं, ही कोणाला बोलावतेय. हे तुम्हाला सांगायचं होतं. रोज समोर होतात, म्हणून राहिलं.

काल इथवर लिहून थांबले होते. वही मिटली आणि गॅस पेटवला. भाजीची सुरी तापवली. पहिल्यांदा जास्त तापली, प्लास्टिक काळं पडून सुरीलाच चिकटलं. पुसून पुन्हा तापवली. दोन टोकांच्या मध्ये धरली, काढली, दाबलं. वास साऱ्या खोलीत भरला. भिंतीपलीकडून शालन म्हणाली, "काय जाळतेस गं?" मी म्हटलं, जोडतेय. बोटं भाजली तरी सोडलं नाही. गार झाल्यावर ओढून बघितलं. तुमच्यासारखा साफ जोड नाही आला, गाठ आल्यासारखा आलाय. पण धरून आहे.

आज कामावर घालून गेले. माप तेच, तरी पहिली काही पावलं परकी वाटली. डावीची टाच बाहेरच्या अंगाला झिजलीय. दुखऱ्या पायाला जपून तुम्ही सगळा भार त्या पायावर टाकायचात, तिथं. पाऊल आपोआप तिकडं कलतं. बसमधून उतरून कारखान्याच्या गेटपर्यंत मी तुमच्यासारखीच जराशी डावीकडे झुकत चालले. शालन म्हणाली, "पावसाला अजून अवकाश आहे की." मग तिनं नीट बघितलं आणि चाल हळू केली. दिवसभर मशीनपाशी उभी होते. पाय दुखले नाहीत असं म्हणणार नाही. दुखले.

तुम्ही जिंकलात असंही मी म्हणणार नाही. आमच्यात घालत नाहीत ते नाहीतच. मी घातल्यात, एवढंच.

पण येताना बसस्टॉपवर एक गोष्ट झाली. बसला उशीर होता. शिफ्ट सुटलेल्या बायका रांगेत उभ्या होत्या, कोणाच्या पायात चपला, कोणाच्या बूट, एकीच्या पायात पिना लावलेल्या स्लीपर. मी खाली मान घालून उभी होते, नेहमीसारखी. मग लक्षात आलं, मी एकेकीचं पाऊल बघतेय. कोणाला बसतील, ते.